माणसं सोडून बाकी सगळं

दिवाकर निखाडे वारला तेव्हा पुलगावच्या चौकात त्याचा फ्लेक्स लागला. वर काळी फीत, खाली गावातल्या झाडून सगळ्या होतकरू पुढाऱ्यांचे फोटो, आणि मधोमध दिवाकर, चक्क हसत असलेला. तो फोटो कुणी पैदा केला देव जाणे. मी त्याला हसताना फारच क्वचित पाहिलं, आणि दर वेळी समोरच्याचं काहीतरी मोडलेलं होतं.

हल्ली लोक मला येऊन म्हणतात, "पेंटर, तुमी तर त्याच्यासंगं मुंबईले होते. लिहा न काई चांगलं." लिहायला माझी ना नाही. चांगलं मात्र सुचत नाही. मला तो माणूस आवडत नसे, आणि मेला म्हणून आवडायला लागेल अशी माझ्या स्वभावाची घडण नाही. त्याने मला कामावरून हाकललं होतं, तेव्हा माझ्या बोलण्यातलं तेवढं पित्त वजा करून वाचा. तरी पुष्कळ उरेल.

तो सिनेमात प्रॉडक्शन डिझायनर होता. म्हणजे काय, ते गावात कुणाला कळत नसे. त्याचे वडील नामदेवराव कापडगिरणीत होते. गिरणी बंद झाल्यावर ते घरीच असत. त्यांना कुणी विचारलं, "तुमचा पोरगा सिनेमात करते तरी काय जी?" तर ते तंबाखू मळत म्हणत, "पडद्यावर माणसं सोडून जे जे दिसते, ते सगळं माह्या दिवाकरचं." याहून नेमकी व्याख्या मी पुढे मुंबईतही ऐकली नाही. घर, घराची भिंत, भिंतीवरचं कॅलेंडर, कॅलेंडरखालचा तेलकट बोर्ड, बाईच्या हातातली पळी, दारापुढचा रस्ता, सगळं त्याच्या डोक्यातून यायचं. माणसं तेवढी दुसऱ्याची. आणि माणसं सोडून, हे तर त्याच्या बाबतीत फारच खरं होतं.

सुरुवात त्याने गणपतीच्या देखाव्यांपासून केली. थर्माकोलच्या गुहा, पुठ्ठ्याचे किल्ले. मग मुंबईला पळाला, एका स्टुडिओत प्लायवूड उचलू लागला, पडदे रंगवू लागला, कुणाकुणाचा सहायक झाला आणि शेवटी पडद्यावर त्याचं स्वतःचं नाव एकट्याने येऊ लागलं. हे सगळं मी ऐकलेलं. माझी त्याची गाठ पडली ती तो नावारूपाला आल्यावर.

माझं स्टेशनरोडला पाट्या रंगवायचं दुकान होतं. एका औषधाच्या दुकानाचा बोर्ड करून मी नुकताच वर चढवला होता. दिवाळीला गावी आलेला दिवाकर रस्त्यातून जाता जाता थांबला, स्टुलावर चढला आणि अंगठ्याच्या नखाने माझ्या ताज्या अक्षराचा कोपरा खरवडू लागला.

"काऊन हो भाऊ, काय करून राह्यले?" मी ओरडलो.

"लय नवं दिसून राह्यलं."

"नवंच हाय न ते."

"म्हणूनच. लोकाले वाटन, दुकान कालच उघडलं. औषधाचं दुकान जुनं दिसाले पाह्यजे." आणि मालकाकडे वळून, "काय हो शेठ?"

मालकाचं दुकान खरोखरच नवं होतं. त्याने क्षणभर विचार केला आणि मान हलवली! मला तो बोर्ड उतरवून पुन्हा मळका करावा लागला. दिवाकर शेजारच्या टपरीवर उभा राहून पाहत होता. काम संपल्यावर म्हणाला, "हात चांगला हाय. मुंबईले येतं का?" फ्लेक्समुळे पाट्यांचा धंदा तसाही बसत चालला होता. मी गेलो.

तिथे मला कळलं की हा माणूस कुणालाही नावाने हाक मारत नाही. मी पेंटर, दुसरा सुतार, तिसरा लाइट. इतकी वर्षं मी त्याच्याकडे राबलो, पण माझं नाव त्याला ठाऊक होतं की नाही हे मी आजही सांगू शकत नाही. कुणाच्या घरी गेला तर "या, बसा" म्हणणाऱ्याकडे न पाहता आधी भिंतीकडे पाहायचा. तिच्यावरून हात फिरवायचा, कोपऱ्यात वाकून वास घ्यायचा. आमच्या एका सुताराने नव्या खोलीची पूजा घातली तेव्हा प्रसाद हातात घेऊन हा म्हणाला, "ओल येईन इथून. दोन वर्षांत पोपडे धरते." सुताराच्या बायकोचं तोंड पाहवलं नाही. ओल आली, ही गोष्ट वेगळी.

त्याच्याकडे काचेच्या बरण्यांत धूळ असे. गावोगावची. कोकणातली लाल, नाशकाकडची राखी, आपल्या वर्ध्याकडची काळी, बोटाला चिकटणारी. "धूळ सगळीकडं सारखी नसते," हे तो वेदवाक्यासारखं सांगे. दुसरं वेदवाक्य असं होतं, "खऱ्याले कोणी विचारत नाई. खरं वाटते त्याले विचारते." हे म्हणताना त्याच्या डोळ्यांत जी चमक येई ती मला कधी आवडली नाही.

काम त्याला येत होतं. हे मी नाकारलं तर माझं बाकीचंही कुणी ऐकणार नाही. एकदा आम्ही एका विधवेचं स्वयंपाकघर उभं केलं होतं. फळीवर पितळी डबे ओळीने मांडलेले. रघुनाथदादा नावाचे एक वयस्कर गृहस्थ सामान मांडायचं काम करायचे, त्यांनी ते घासूनपुसून, मग हव्या तिथे काळवंडून ठेवले होते. दिवाकर आला, त्याने एक डबा उचलला. रागावला की त्याची भाषा आणखीच पुलगावची होई. "आत काय हाय?"

"काही नाही साहेब. झाकण उघडायचं नाहीये सीनमध्ये."

"बाई डबा उचलन तवा तिचा हात कसा जाईन? रिकाम्या डब्याले हात उडते वर. भरलेला डबा हात खाली ओढते. लोकाले समजत नाई असं वाटते का तुले?"

मुद्दा बिनतोड होता. रघुनाथदादांनी लगेच मान्य केला, तांदूळ-डाळ मागवली, डबे भरायला घेतले. तिथे गोष्ट संपायला हरकत नव्हती. पण दिवाकरने भरलेला पहिला डबा घेतला आणि जमिनीवर उपडा केला. "आता येच," म्हणाला. सगळं युनिट उभं होतं, नटी खुर्चीत बसलेली होती, आणि आपल्या बापाच्या वयाचा माणूस त्याने उकिडवा बसवून तांदूळ वेचायला लावला. स्वतः बरोबर असणं त्याला पुरत नसे. दुसऱ्याचं चुकलेलं चारचौघांत पसरून ठेवावं लागे. रघुनाथदादा वेचत असताना तो हसला, ती मी म्हणतो त्यांतली एक वेळ.

मग आला तो आपल्या भागातला सिनेमा. गिरडच्या पलीकडे एक गाव आहे. नाव लिहीत नाही, त्या लोकांना झाला तेवढा त्रास पुरे. दिग्दर्शकाला टेकडी आवडली, पाण्याचं टाकं आवडलं, वस्तीची अरुंद गल्ली आवडली. कथेत ती गरीब वस्ती होती. पण गल्लीत घरं होती ती नीटनेटकी, निळ्या रंगाची, दारापुढे फरशी, एकदोघांच्या अंगणात मोटारसायकल. कुणाचा मुलगा शिक्षक, कुणाची मुलगी नर्स. दिवाकर गल्लीच्या तोंडाशी कंबरेवर हात ठेवून उभा राहिला.

"गरिबी दिसत नाई इथं."

"नाहीच आहे साहेब," मी म्हणालो.

"मंग लावा."

गरिबी लावणं म्हणजे भिंतींवर माती, शेण आणि काजळी थापणं, फरशीवर शेणमातीचं पोतेरं फिरवणं, गाड्या हलवणं. शूटिंग झालं की सगळं पुन्हा रंगवून देऊ, असं कंपनीच्या माणसाने ग्रामपंचायतीत बसून सांगितलं. बरेच लोक कबूल झाले. सिनेमा येणार म्हणून उत्साहही होता. गल्लीच्या मधोमध सुशीलाबाई थूल यांचं घर होतं. त्या सरकारी दवाखान्यातून परिचारिका म्हणून निवृत्त झालेल्या, एकट्या राहायच्या. आम्ही मातीची घमेली घेऊन गेलो तर त्या दारातच उभ्या.

"काय कराले आले?"

"मावशी, थोडी माती लावाची हाय," दिवाकर पुढे झाला. "सिनेमापुरती."

"माझं घर गरीब कराले आला का तू?"

"आठ दिवसाचा सवाल हाय. मंग परत रंगवून देतो, होता त्याहून चांगला."

"माझ्या सासूनं भिंती लिपता लिपता जलम काढला," सुशीलाबाई म्हणाल्या. आवाज चढलेला नव्हता. "मी रात्रपाळ्या करून हा रंग लावला. निळाच काऊन लावला ते तुले सांगाची गरज नाई, तू इकडलाच हायस. याच्यावर आता माती नाई लागत. आठ दिवस नाई, आठ मिनटं नाई."

मला वाटलं हा चिडेल. त्याने नेहमीसारखा भिंतीवरून हात फिरवला, "रंग चांगला मारला," म्हणाला आणि निघून आला. दुसऱ्या दिवशी सकाळी त्याने आम्हाला कामाला लावलं. बाईंच्या दारापुढे, रस्त्याच्या कडेला, बांबू, किंतान आणि माती यांची एक खोटी भिंत उभी राहिली. तिला वाकडं दार, दारापाशी फुटका रांजण, वर कुजका पेंढा. मागचं निळं घर पार झाकलं गेलं. ऊन अडलं. बाईंना घराबाहेर पडायचं तर त्या झोपडीच्या दारातूनच. जागा रस्त्याची असल्यामुळे त्यांना बोलायलाही जागा नव्हती.

शूटिंगच्या दिवशी नटी गल्लीत बसून रडत होती. मोठा सीन होता. सगळे चिडीचूप. तेवढ्यात झोपडीचं वाकडं दार उघडलं आणि सुशीलाबाई बाहेर आल्या. कडक इस्त्रीची पांढरी साडी, खांद्याला पर्स, मनगटावर घड्याळ. समुद्रपूरला त्यांची कसलीशी मीटिंग होती. दिग्दर्शक 'कट' म्हणून ओरडला. दिवाकर धावत गेला.

"मावशी, थोडं थांबता येत नाई का?"

बाईंनी मागे वळून त्या भिंतीकडे बोट केलं. "हे कोणाचं हाय?"

"माझं. मी बांधलं."

"मंग राह्य न याच्यात. दरवाज्याच्या मांगं माझं, पुढं तुझं. पोराबाळायले घेऊन ये, चूल मांड. मी बी येतो सिनेमा पाहाले."

गल्ली हसली. युनिट हसलं. खुद्द दिग्दर्शक तोंडावर रुमाल धरून हसला. बाई छत्री उघडून बसस्टॉपकडे चालू लागल्या. दिवाकर तेवढा हसला नाही. तो माझ्याकडे आला आणि अगदी हळू आवाजात म्हणाला, "दरवाज्याले बाहेरून कडी काऊन नाई लावली?"

मला आधी कळलंच नाही. कळलं तेव्हा मी म्हणालो, "साहेब, आत माणूस राहते."

"मंग तू बी तिथंच राह्य," तो म्हणाला. "उद्यापासून येजो नको."

एवढ्यावर माझी सिनेमातली कारकीर्द संपली. कंपनीने पुढे वस्ती रंगवून दिली, पण निळा रंग नव्हता. कुठल्याशा सेटवरचा उरलेला बदामी होता. लोकांनी स्वतः पुन्हा निळा आणला.

मी पुलगावला परतलो आणि घरं रंगवायची कामं घेऊ लागलो. पुढच्या हिवाळ्यात नामदेवराव गेले. त्यांचं सगळं दिवाकरची थोरली बहीण कुसुमताई हिने केलं होतं. नवरा गेल्यापासून ती माहेरीच राहायची, शिवणकाम करायची. दिवाकर आला तो तिसऱ्या दिवशी. मीही बसायला गेलो होतो. गिरणी बंद झाल्यापासून नामदेवराव बाहेरच्या खोलीत खिडकीखाली, भिंतीला टेकून बसत. डोक्याला आणि खांद्यांना तेल चोळायची त्यांना सवय, त्यामुळे भिंतीवर त्यांचा एक डाग उमटला होता. वर डोक्याचा गोल, खाली दोन खांदे. इतक्या वर्षांनी तो काळा आणि तुकतुकीत झालेला.

दिवाकर सतरंजीवर बसला नाही. बहिणीशी दोन शब्द बोलला नाही. त्या डागापुढे उभा राहिला, वितीने तो उभा-आडवा मोजला, मग मोबाईल काढून फोटो घेतले, एक समोरून, दोन बाजूंनी. बसलेली माणसं खाली पाहू लागली. कुसुमताई मला हळूच म्हणाली, "बाबाची आठवण म्हणून घेऊन राह्यला असन."

मला त्याची माहिती तिच्यापेक्षा जास्त होती.

वर्षभराने त्याचा नवा सिनेमा लागला. कुसुमताईने शेजारच्या दोघी-तिघींना आणि मला घेऊन वर्धा गाठलं. भावाचं नाव पडद्यावर आलं तशी तिने टाळी वाजवली. सिनेमात एक म्हातारा होता, पोटच्या पोरीला विकणारा. तो आपल्या खोलीत खिडकीखाली बसायचा आणि त्याच्या मागच्या भिंतीवर तो डाग होता. गोल डोकं, दोन खांदे, तसाच काळा, तसाच तुकतुकीत. एक खांदा किंचित खाली, कारण नामदेवराव डावीकडे कलून बसायचे. म्हातारा पडद्यावर आला की पब्लिक शिव्या घालायचं. मागचा एकजण तर उठून उठून आईवरून शिव्या देत होता.

"हा माझा बाबा हाय," कुसुमताई म्हणाली. मोठ्याने नाही. मग पदर तोंडाशी धरून ती बाहेर निघून गेली. मध्यंतरही झालं नव्हतं.

त्या कामासाठी त्याला बक्षीस मिळालं. टीव्हीवर कुणीतरी त्या डागाबद्दल विचारलं तर तो म्हणाला की असे तपशील कल्पनेतून येतात. कल्पनेतून!

थोड्या दिवसांनी कुसुमताईचा निरोप आला, "पेंटर, बाहेरची खोली रंगवाची हाय." कोणती भिंत ते मला न सांगता कळलं. मी आनंदाने गेलो. आजही मला त्याचं वाईट वाटत नाही. तिने पिस्ता रंग निवडला होता. मी म्हटलं, "ताई, तेल मुरलेलं हाय, आधी खरवडा लागन." ती म्हणाली, "खरवडू नका. झाका फक्त." मी पहिला हात मारला. वाळला, आणि डाग वर आला. दुसरा हात मारला. पिवळसर होऊन पुन्हा वर आला. खांदे तर अगदी स्पष्ट. कुसुमताई पंखा लावून भिंतीसमोर बसायची आणि म्हणायची, "जातच नाई न बाबा."

तिसरा हात चालू होता, दुपारची वेळ होती, आणि दारात दिवाकर उभा. नागपूरला कुठे त्याचा सत्कार होता, तो आटोपून आला होता. खांद्याला बॅग, पायांत बूट. त्याने आधी भिंतीकडेच पाहिलं.

"कोणी सांगतलं तुले?" हा प्रश्न मला.

"मी सांगतलं," कुसुमताई म्हणाली.

"काऊन?"

"तू नेलं न बाबाले सिनेमात. मंग इथं काय काम त्याचं?"

"ते पात्र येगळं हाय, ताई. त्याचा बाबाशी काई संबंध नाई. भिंत फक्त—"

"लोकं शिव्या देत होते, दिवाकर. माझ्या मांगं बसून."

"भिंतीले कोणी शिव्या देत नाई."

"मले भिंत अन् बाबा येगळे दिसत नाई," ती म्हणाली. "तुले दिसते. तुले आधीपासूनच दिसते."

मी स्टुलावर ब्रश धरून उभा. आता हा डबा लाथाडेल, मला हाकलेल, असं वाटत होतं, आणि खरं सांगायचं तर मी त्याची वाटच पाहत होतो. हे घर त्याच्या सेटवरचं नव्हतं. दोन शब्द मीही जपून ठेवले होते. पण तो जवळ आला, ओल्या रंगाला बोट लावलं, वास घेतला.

"खरवडलं नाई."

"ताई नाई म्हणाल्या."

"मंग जाणार नाई हा. किती बी हात मार, वर येतच राहीन." मग बहिणीकडे वळून, "खरवडाच लागते, ताई."

"मंग तूच खरवड," कुसुमताई म्हणाली आणि आत गेली. आतून भांड्यांचा आवाज येऊ लागला, उगाचच्या भांड्यांचा.

दिवाकरने बूट काढले. शर्टाच्या बाह्या वर केल्या. माझ्यापुढे हात केला, मी त्याच्या हातात खरवडायची पत्ती ठेवली. त्याने कडेपासून सुरुवात केली. आधी माझा पिस्ता निघाला, मग काळे तेलकट पापुद्रे पडू लागले, खालचा जुना चुना दिसू लागला. एक खांदा गेला, दुसरा गेला. कुठेही पत्ती खोल गेली नाही, भिंतीला एक खड्डा नाही. डोक्याच्या गोलापाशी आल्यावर त्याचा हात थांबला. मला वाटलं, आता हा रडेल. रडावं अशी माझी फार इच्छा होती. गावभर सांगितलं असतं.

"पाणी आण," तो म्हणाला. "कोरडं खरवडलं तर उडून राह्यलं."

मी पाणी आणलं. त्याने भिंत ओली केली आणि राहिलेलं साफ केलं. मग प्रायमर मागितला, तोही स्वतःच मारला, वरून खाली, एकसारखा. खिडकीखाली एक पांढरा चौकोन तेवढा राहिला. तिथे कुणी कधी टेकलं असेल असं सांगूनही पटलं नसतं. हे त्याने बहिणीसाठी केलं, बापासाठी केलं, की कच्चं काम त्याला पाहवत नसे म्हणून केलं, मला ठाऊक नाही. ठाऊक नसताना चांगलं ते गृहीत धरायला मी त्याचा नातेवाईक नाही.

तो अंगणातल्या नळावर गेला आणि हात धुऊ लागला. पांढरं पाणी मोरीतून वाहत होतं. कुसुमताई स्वयंपाकघरातून बाहेर आली. तिने भिंतीकडे एकदा पाहिलं, मग अंगणात उतरली. तिच्या हातात धुतलेला टॉवेल होता.

"हात पूस, दिवाकर. चहा ठेवला."

त्याने नळ बंद केला, ओले हात पँटला पुसले, ओसरीवर बसून बूट चढवले. "गाडी हाय," म्हणाला आणि बॅग उचलून फाटकाबाहेर पडला. कुसुमताई टॉवेल पुढे धरून उभीच होती.